नदीकाठची मुलगी काय म्हणाली

मेंग दोक्सूचे सिनेमे आता कुठे बघायला मिळायचे नाहीत, शोधून उपयोग नाही. उन्हाळ्यात शेतावरची माणसं डोक्याला गवती टोपी घालतात ना, तिच्या घेराला पूर्वी एक काळी चकचकीत पट्टी असायची. ती पट्टी म्हणजे सिनेमाची जुनी फिल्म. गावोगावच्या थिएटरांत फिरून घासून गेलेल्या प्रती निर्माते वजनावर विकायचे आणि टोपीवाले त्या टोप्यांना शिवायचे. दोक्सूचं अख्खं काम असं लोकांच्या डोक्यावर बसून भातखाचरांतून हिंडलं. मी हे त्याला सांगितलं तेव्हा तो म्हणाला, बरं झालं, बिचाऱ्यांना ऊन तरी मिळालं.

तोंडावर मी त्याला मेंगसाहेब म्हणायची. इथे नुसतं दोक्सू म्हणते, कारण त्याच्या बहिणीच्या तोंडून मी बोललेय, आणि तेवढा हक्क मला आहे असं मी धरून चालते.

मी आवाजाची बाई. नाव ग्युमरे. रेडिओवरच्या नाटकांत कामं करायची. त्या काळी आमच्या चुंगमुरोत, म्हणजे सोलच्या सिनेमावाल्यांच्या वस्तीत, सिनेमे मुकेच घेत. कॅमेरा गिरणीसारखा घरघरायचा, वर रस्त्यावरचे हॉर्न आणि फेरीवाले. म्हणून आधी चित्र घ्यायचं आणि मागाहून आम्ही ध्वनीच्या खोलीत बसून नटनट्यांच्या ओठांवर शब्द बसवायचे. दोनचार वाक्यांपुरता फिल्मचा तुकडा कापून, टोकाला टोक चिकटवून त्याचं कडं करत आणि मशीनवर चढवत. तेच दृश्य पुन्हा पुन्हा फिरायचं, ओठ आणि शब्द जुळेपर्यंत. देशभर ज्यांच्या रूपावर लोक जीव टाकत होते त्यातल्या निम्म्या नट्यांच्या गळ्यात मी बसलेली होते. माझ्याकडे बघून मात्र भाजीवालासुद्धा जुडीभर जास्त कांद्याची पात देत नसे.

उत्तर आणि दक्षिण कोरियाची लढाई थांबून दोनतीन वर्षं झाली असतील. शहर अजून अर्धं पडलेलंच होतं. दोक्सूचा तो पहिला सिनेमा. आघाडीवरून परतलेल्या एका जवानाची गोष्ट होती, चारचौघांसारखीच. पण मध्येच एक तुकडा असा आला की तो त्या कापडातला नव्हताच. बर्फ, नदीचा काठ, गाठोडी घेतलेल्या माणसांची रांग. त्या रांगेतली पांढऱ्या कपड्यांतली एक मुलगी मान वळवते, सरळ आपल्याकडे बघते, तिचे ओठ हलतात, आणि ती पुन्हा पाठ करून चालू लागते. संपलं. चार श्वासांचा खेळ.

"ही कोण नवी पोरगी?" मी विचारलं.

दोक्सूने कागद पुढे केला. तो म्हणाला, तिचं वाक्य आहे, 'दादा, मी येते मागून.' मी बोलले. जुळलं नाही. शब्द संपले तरी तिचे ओठ हलतच होते. मी सावकाश बोलले, मध्ये दम घेतला, 'दादा'च्या जागी 'अरे दादा' म्हटलं. तुकडा फिरत राहिला. ती वळायची, बघायची, ओठ हलवायची, जायची, आणि लगेच पुन्हा वळायची. मला भीती वाटायला लागली. असं वाटलं की ही मुलगी मीच काही चुकतेय म्हणून परत परत वळतेय, आणि मी बरोबर बोलेपर्यंत हिची सुटका नाही.

शेवटी कसंबसं बसवलं. त्यानंतर सगळे हाडांचं सूप प्यायला गेलो. बाकीची मंडळी उठल्यावर दोक्सूने मला सांगितलं, ती नटी नाही, माझी बहीण आहे. बोबे.

मेंग घराणं उत्तरेचं, प्याँगयांगच्या वरच्या अंगाच्या एका खेड्यातलं. लढाईत दोक्सू दक्षिणेच्या सैन्याच्या चित्रपथकात कॅमेरा चालवत होता. पहिल्याच हिवाळ्यात चिनी फौजा उतरल्या आणि सगळं सैन्य दक्षिणेकडे पळालं, मागोमाग माणसंही. त्याने साहेबाच्या हातापाया पडून पथकाच्या ट्रकवर घरच्यांसाठी जागा मागितली. जागा मिळाली एका माणसाची. बोबेने आईला ढकलून वर चढवलं. माझे पाय चांगले आहेत, मी शेजाऱ्यांबरोबर चालत येते, म्हणाली. दोक्सू तेव्हा तिथे नव्हता. त्याला पुढे नदीवर पाठवलं होतं, ताएदोंगच्या काठावर, निर्वासितांचं चित्रण करायला.

तिथे रांगेत त्याला बोबे दिसली. तिने त्याच्याकडे वळून पाहिलं, काही म्हणाली. वाऱ्यापुढे ऐकू आलं नाही. कॅमेरा चालू होता. त्याला वाटलं, एवढं होऊ दे, मग जातो. कॅमेरा खाली केला तेव्हा मध्ये शंभर माणसं आली होती. मग आईला घेऊन पथकाचा ट्रक आला, हॉर्न वाजवू लागला आणि तो चढला. बोबे नदीपलीकडे कधी कोणाला दिसली नाही.

आईने ट्रकमध्ये विचारलं, काठावर दिसली का रे? तो म्हणाला, नाही दिसली.

मला विचाराल तर या एका वाक्याने त्याचा बळी घेतला. दिसली म्हटलं असतं तर पुढचा प्रश्न आला असता, मग हात का नाही धरलास? ते टाळायला तो एकदा खोटं बोलला, आणि जे खोटं आईशी बोललं जातं ते रोज जेवायला शेजारी येऊन बसतं. रिळं वरच्यांच्या हवाली करण्याआधी तेवढा तुकडा त्याने कापून सदऱ्याच्या आत लपवला होता. पहिला सिनेमा मिळाल्यावर तो त्याने मोठ्या पडद्यावर लावला. त्याला वाटलं होतं, नीट बघितलं की कळेल ती काय म्हणाली ते. कळलं नाही.

पुढे दोक्सूचं बरं चाललं. त्या दहाबारा वर्षांत चुंगमुरोत सिनेमांचा नुसता पूर आला होता. परदेशी सिनेमा आणायचा परवाना हवा तर आधी देशी सिनेमे काढून दाखवायचे, असा सरकारी नियम होता, त्यामुळे निर्माते वर्षाला चारचार उरकायला लावत. दोक्सूने सगळं केलं. सासूसुनांचं रडगाणं केलं, हेरांची पकडापकडी केली, भुतं काढली, टॅक्सीवाल्याचा विनोदीसुद्धा काढला. मोठा कलावंत तो नव्हता. काम वेळेवर द्यायचा, नटांवर ओरडायचा नाही. आणि प्रत्येक सिनेमात कुठे ना कुठे ती नदीकाठची मुलगी यायची. कोणाच्या स्वप्नात, कोणाच्या आठवणीत. राजदरबाराच्या गोष्टीतही त्याने तिला दुष्काळातली प्रजा म्हणून घुसवलं. निर्माता बेक वैतागून म्हणायचा, "मेंगसाहेब, त्या बाईला आता पगार तरी चालू करू या. तुमच्या हिरॉइनीपेक्षा तीच जास्त कामं करतेय."

सेन्सॉरच्या एका साहेबाला तर वेगळाच संशय आला. ही बाई मागे वळून बघते, म्हणजे उत्तरेकडे बघते का? तिला कम्युनिस्टांची ओढ आहे का? दोक्सूने घाम पुसत सांगितलं की ती दक्षिणेकडे बघतेय, अगदी शंभर टक्के. तो स्वतः उत्तरेचा, त्यामुळे जन्मभर जपूनच राहिला. गावाकडची बोली त्याने इतकी पुसून टाकली होती की ऐकणाऱ्याला तो सोलमध्येच जन्मला असं वाटावं.

दर वेळी वाक्य नवं. रेकॉर्डिंगच्या सकाळी तो माझ्या हातात कागद द्यायचा. 'दादा, जपून.' 'दादा, आईला सांभाळ.' 'थांब ना.' एकदा लिहून आणलं, 'मला का सोडलंस?' मी ते वाचून कागद परत दिला. म्हटलं, हे मी बोलणार नाही, तुम्हाला स्वतःला मारून घ्यायचं असेल तर माझ्या आवाजाने मारू नका. तो म्हणाला, तिने हेच म्हटलं असेल तर? आम्ही 'थांब ना'च पुन्हा वापरलं.

दर सिनेमाला आधीच्या प्रतीवरून प्रत निघायची, आणि बोबेचा चेहरा थोडा आणखी पांढरा व्हायचा. डोळे गेले, नाक गेलं, शेवटी ओठांची सावली तेवढी हलत राहिली. मूळ तुकडा संकलनाच्या खोलीत डब्यात बंद होता. पहिल्या सिनेमानंतर त्याने तो उघडला नव्हता. माझी गत काय सांगू? ट्रॅममध्ये कोणी मागून हाक मारली की मी बोबेसारखी मान वळवायची. घरी कपडे धुताना आपोआप तोंडातून निघायचं, दादा, जपून. माझा नवरा म्हणायचा, तुला दादा आहे कुठे?

दोक्सूने लग्न केलं नाही. घरी तो आणि आई. म्हातारीला तो एकाही सिनेमाला नेत नसे. गर्दीत तुझा जीव घुसमटेल, म्हणायचा. तिलाही हौस नव्हती. मी सणासुदीला तिच्याकडे जायची, तेव्हा ती बळेबळे जेवायला घालायची आणि बोबेचा विषय एकाच ठिकाणी येऊन थांबायचा. निघताना म्हातारीने लेकीच्या गाठोड्यात भाताची खरवड बांधून दिली होती, भांड्याच्या बुडाला लागलेली, वाळवून कडकडीत केलेली. आणि सांगितलं होतं, नदी ओलांडल्यावर खा, आधी संपवू नकोस. पोरगी शब्दाबाहेर जाणारी नव्हती. म्हणजे गाठोड्यात अन्न असून ती उपाशीच गेली असणार. म्हातारीच्या घशाखाली खरवड त्यानंतर कधी उतरली नाही. भांडं घासताना ती पाण्यात भिजवून कुत्र्याला घालायची.

ज्यांच्या मरणाचा दिवस ठाऊक नाही त्यांचं श्राद्ध आमच्याकडे नवव्या चांद्रमहिन्याच्या नवमीला घालतात. लग्न न झालेल्या मुलीचं तसंही कोणी घालत नाही. पण म्हातारीचं म्हणणं वेगळं होतं. उपाशी गेलेल्या पोरीपुढे मी कुठल्या तोंडाने ताट मांडू?

मग व्हायचं ते झालं. गल्लीतल्या बायकांची भिशी होती. भिशी लागली की साऱ्या जणी रबरी जोडे घालून दुपारच्या खेळाला जायच्या, रुमाल भिजवून यायच्या. एकदा त्यांनी म्हातारीला ओढत नेलं. तुमच्याच लेकाचा सिनेमा जुन्या थिएटरात परत लागलाय आणि तुम्ही घरी बसता, शोभतं का? संध्याकाळी ती परतली, स्वयंपाक केला, लेकाला वाढलं. तो जेवून हात धुवून आल्यावर म्हणाली, उद्या मला तुझ्या कामावर घेऊन चल. तिथं अंधुक दिसत हुतं. मला नीट बघायचंय.

काय बघायचंय, असं त्याने विचारलंच नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो माझ्याकडे आला. म्हणाला, तुम्ही तिथे असा. त्याने डबा उघडला, मूळ तुकड्यावरून नवी प्रत काढून घेतली, कडं करून मशीनवर चढवलं. खोलीत आम्ही तिघं, मशीनवाला आणि आवाजांची कामं करणारा चिलबोक. चिलबोक म्हणजे पावलं, दारं, पाऊस, घोडे, सगळं एका पेटीतून काढणारा माणूस. एरवी त्याचं तोंड बंद नसतं. त्या दिवशी त्याने म्हातारीसाठी खुर्ची पुसली आणि कोपऱ्यात जाऊन उभा राहिला.

दिवा मालवला. बर्फ आलं, नदी आली. आणि बोबे वळली.

इतक्या वर्षांत मी तिचा चेहरा विसरले होते. भुवया होत्या, थंडीने फुटलेले गाल होते. हिला मी काय काय बोलायला लावलं होतं! म्हातारी पुढे वाकून बघत होती. बोबे वळायची, जायची, पुन्हा वळायची. मशीन चालवणाऱ्याला कोणी थांब म्हणेना.

"तू तिला बघितलं हुतंस," म्हातारी म्हणाली.

"हो."

"मला न्हाई म्हणालास."

दोक्सू खुर्चीवरून उतरून खाली फरशीवर बसला, गुडघे टेकून. मला वाटलं, आता ही त्याला मारेल. मारावं, असंही वाटलं. त्याची तरी सुटका झाली असती. तो म्हणाला, आई, ती मला काहीतरी म्हणाली, आणि मला ऐकू आलं नाही, आणि मी गेलो नाही. आजवर शोधतोय ती काय म्हणाली ते.

म्हातारी अजून पडद्याकडेच बघत होती. तिच्या चेहऱ्यावर एकदम काहीतरी हललं.

"बोलत न्हाई ती," ती म्हणाली. "खातीया."

कोणाला काही कळेना.

"खरवड हाय तोंडात. बघ की, डाव्या अंगाला सरकवलीया. उजवी दाढ किडल्याली हुती तिची." तिने उठून पडद्यावर हात ठेवला, तिच्या सावलीत बोबे अर्धी झाकली गेली. "नदी वलांडल्यावर खा म्हटलं हुतं. ऐकलं न्हाई कारटीनं. हितंच फोडली." आणि ती हसली. तोंडावर हातही घेतला नाही, हसली आणि डोळ्यांतून पाणी गळायला लागलं.

बोबे पुन्हा वळली तेव्हा मलाही दिसलं. डावा गाल फुगलेला होता. जबडा गोल फिरत होता. ओठ हलले की माणूस बोलतोय, हा आमचा धंदा. एवढ्या सिनेमांत त्यापलीकडे आमची अक्कल गेली नाही. ती पोरगी घास चावत होती, आणि आम्ही तिच्या तोंडात वाक्यं कोंबत होतो.

दोक्सू काय बोलला ते मला पहिल्यांदा कळलंच नाही, कारण तो आवाज मी त्याच्या तोंडून कधी ऐकला नव्हता. गावाकडची बोली होती.

"आये, म्हंजी तिनं मला हाक न्हाई मारली?"

"बघतीया की तुझ्याकडं. वळखलंय तिनं तुला." म्हातारी त्याच्याजवळ खाली बसली. "पर तोंडात घास हाय. घास असताना बोलू नये, मीच शिकवलं हुतं."

मग तिने त्याला मारलं. पाठीत, मुठीने, एकदाच.

"येवढं सांगायचं हुतंस," ती म्हणाली. "येवढी वर्सं मी तिला उपाशी ठिवली."

दोक्सू त्यानंतर लहान मुलासारखा रडला. मी आणि चिलबोक बाहेर जिन्यात जाऊन बसलो. चिलबोकने सिगारेट काढली, पण काडी काही त्याच्याच्याने पेटेना.

त्या वर्षी नवव्या महिन्याच्या नवमीला मेंगांच्या घरी ताट मांडलं गेलं. मी गेले होते. फळं, मासा, भात असं सगळं रीतीप्रमाणे होतं आणि मध्ये खरवडीचा एक मोठा तुकडा.

दोक्सूने त्यानंतर एकच सिनेमा केला. टेलिव्हिजन आला होता, बेक हॉटेलांच्या धंद्यात गेला होता, पैसे कुठून उभे केले कोण जाणे. गोष्टीचं मला आता फारसं आठवत नाही. पण त्यात बोबे होती, नव्या प्रतीवर, भुवयांसकट. त्या सकाळी त्याने माझ्या हातात कागद दिला नाही. त्याच्याबरोबर म्हातारी आली होती. तिने फडक्याची गाठ सोडून माझ्यासमोर खरवड ठेवली.

चिलबोकने आधी त्याच्या पेटीतले आक्रोड फोडून पाहिले. दोक्सू मानेनेच नाही म्हणाला. मग मी मायक्रोफोनजवळ गेले आणि एक तुकडा तोंडात घेतला. दगडासारखा होता. दिवा मालवला. बोबे वळली आणि मी चावायला लागले, डाव्या बाजूने. पहिल्याच फेरीत जुळलं. इतक्या वर्षांत तिचे ओठ आणि माझं तोंड पहिल्यांदा एक झालं. मला भीती वाटली नाही. नुसती भूक लागली, इतकी की डोळ्यांपुढे अंधारी आली.

ते रेकॉर्डिंग चालू असताना मागून म्हातारीचा आवाज आला. तिला तिथले नियम ठाऊक नव्हते, किंवा असतीलही.

"सावकाश खा, बाय. कोण न्हाई न्हेत तुजं."

रेकॉर्डिंगवाल्याचा हात बटणाकडे गेला. दोक्सूने तो धरला. मी चावत राहिले, बोबे पाठ करून चालू लागली, आणि तो आवाज सिनेमात तसाच राहिला. सिनेमा आठवडाभर चालला. मी थिएटरात गेले तेव्हा बोबे चावत होती आणि माझ्यामागच्या रांगेतली एक बाई शेजारणीला म्हणाली, बर्फावरून चालल्याचा आवाज किती खरा घेतलाय बघ.